पिंप परत फिरवलं

शिंदवाडी, जि. धाराशिव
ता. ९ मार्च २०२५, रविवार

एक्केचाळीस पत्रं लिहिलीस अन् एकातबी आई कशी हाय म्हणून विचारलं न्हाईस. म्हशीची चौकशी केलीस. दारातल्या लिंबाची केलीस. तुझी जुनी सायकल कुणाला दिली ते विचारलंस. आईपुरती शाई उरली न्हाय व्हय? हे आधीच लिहून टाकते. पुढं जे लिहायचं हाय ते लिहिल्यावर मला भांडायला तोंड ऱ्हाणार न्हाय.

आता रीतीनं. चि. क्षमास आईचा जयभीम. इकडं मी ठीक. तू ठीक असशील असं धरून चालते. पत्ता तुझ्या शेवटच्या पत्रावरचा घेतलाय, हुबळीचा, चार सालामागचा. तू तिथं नसलीस तर जो कोण हे उघडंल त्यानं घडी घालून परत पाठवावं. लई मेहनतीनं लिहिलंय.

माझं शिक्षण तुला ठाऊक हाय, तिसरी. दुसऱ्याकडनं लिहून घेता आलं असतं. शेजारच्या उमादेवीची सून बी.ए. हाय, फाडफाड लिहिती. पण हे दुसऱ्याच्या हातानं लिहायचं न्हाय. चार दिवस लागले तर लागू दे. गुडघे आधीच गेलेत, आता बोटंबी आखडत्यात.

मोठी बातमी अशी की घाटातला मठ बंद झाला. फेब्रुवारीच्या दोन तारखेला शेवटच्या तिघी सिस्टर पांढऱ्या गाडीत बसून केरळाकडं गेल्या. तिकडं त्यांचं मोठं घर हाय, म्हाताऱ्यांना उचलायला तरण्या हायेत. इथं तिघींत मिळून दोन धड पाय होते. नवीन कुणी येत न्हाय म्हणं. कोण येणार? जन्मभर भिंतीआड ऱ्हायचं, बाहेर पाऊल टाकायचं न्हाय, तोंड दाखवायचं न्हाय, बोलायचं तेबी गरजेपुरतं. तसं बघितलं तर आपल्याकडच्या सुना हेच करत आल्यात, फक्त त्यांना कुणी सिस्टर म्हणत न्हाय.

मठाचं मूळ तुला म्या कधी सांगितलं न्हाय. बहात्तरच्या दुष्काळात मी पंधरा वर्षांची नवी सून. आमी सगळ्या बाया खडी फोडायला जात होतो. तेव्हा कळलं की घाटात चार बाया आल्यात, दोन गोऱ्या, दोन आपल्यातल्या, अन् त्यांना भिंत बांधून हवी. मजुरीत ज्वारी अन् तेल. त्या भिंतीचे दगड म्या डोक्यावर वाहिलेत. भिंत पुरुषभर झाली तेव्हा म्या मुकादमाला विचारलं, हितं गवताची काडी न्हाय, चोर कशाला येईल? तो म्हणाला, चोरासाठी न्हाय सरूबाई, त्या स्वतःलाच कोंडून घेणार हायेत. आमी पोट धरून हसलो. शेवटचा दगड बसला, आतनं घंटा वाजली, अन् त्या चौघी परत कुणाला दिसल्या न्हाईत. मग हसू आलं न्हाय.

तेव्हा तिथं जंगलबी नव्हतं. बोडका डोंगर. त्यांनी सीताफळ लावलं, लिंब, करंज, आपटा. घागरीनं पाणी घातलं. आता आत ऊन जमिनीला लागत न्हाय. पाखरांना भिंत कळत न्हाय, त्यांनी बी बाहेरबी टाकलं, म्हणून घाट हिरवा झाला. भूकंपात घंटेचा मनोरा चिरला तरी बाया बाहेर आल्या न्हाईत. आतल्या अंगणात पत्रे उभे करून त्याखाली ऱ्हायल्या अन् झाडांना पाणी घालत बसल्या.

दाराजवळ भिंतीत ते लाकडाचं पिंप होतं, तुला आठवत असंल. उभं, माणसाच्या छातीएवढं, एकाच अंगाला उघडं. आपण दुधाची बरणी ठेवायची, घंटेची दोरी ओढायची, अन् पिंप फिरवायचं. उघडं अंग आत जायचं. आतली सिस्टर बरणी काढून रिकामी ठेवायची अन् परत फिरवायची. ना तिनं आपलं तोंड बघायचं, ना आपण तिचं. तीस-पस्तीस वर्षं दूध घातलं म्या तिथं. गावात आपल्या घरचं दूध कुणी घेत नव्हतं, डेअरीवालाबी आपलं माप वेगळं ठेवायचा. पिंपानं कधी जात विचारली न्हाय. त्याला डोळेच नव्हते. बाकी त्यांच्या देवाधर्माचं मला काय कळत न्हाय, पण एवढ्यापायी म्या त्या भिंतीला कधी शिवी दिली न्हाय.

दुधाबरोबर कातरण परत यायची. चर्चमधल्या पूजेसाठी त्या पांढऱ्या, कागदासारख्या पातळ पापड्या भाजायच्या अन् त्यातनं गोल कापून घ्यायच्या. उरलेली कडा पिशवीत घालून पिंपात ठेवायच्या, पोरांसाठी. तू त्यावर वाढलीस. तुझी पोरगीबी.

पिंपापाशी सिस्टर अगाथा. वसईची. आधी तिचं मराठी ऐकून मला हसू यायचं, तिला माझं ऐकून. तिला जास्त बोलायची मुभा नव्हती, म्हणून मी बोलायची अन् ती "हं" म्हणायची. त्या "हं" मध्ये ती सगळं बोलायची.

हात दुखतोय. बाकीचं नंतर.

मंगळवार

काल लिहिलं न्हाय. गोठा साफ केला, तुरी निवडल्या, कधी न्हाय ते दिव्याच्या काचा पुसल्या. म्हंजे तुला कळलं असंल.

तुझे बाबा गेले. दोन हजार अकराला, दिवाळीच्या आधी. कळवलं न्हाय. अगाथानं कळवलं असंल तर ती तिची जिम्मेदारी. शेवटचे चार दिवस तुझं नाव घेत होते. आले-गेले विचारायचे, क्षमाला का हाका मारतात? म्या सांगायची, तापात बरळतात. तुझे बाबा नानासाहेब लई गरीब माणूस, त्यांना सगळं ठाऊक होतं, पण माझ्यापुढं त्यांचं कधी काही चाललं न्हाय.

प्रीती नर्स झाली. उमरग्याला एका दवाखान्यात हाय, हायवेलगत, ट्रकवाल्यांच्या अपघाताच्या केसा लई येतात. हात हलका हाय तिचा, सुई टोचलेली कळत न्हाय. जीभ माझी. नाक तुझं. पंचविसावं लागलं. आता ती मला आजी म्हणती. आधी आई म्हणायची.

ते कसं झालं ते सांगते, पण तेवीस वर्षं मागं जाऊन सांगावं लागंल.

दोन हजार दोनचा उन्हाळा. एके दिवशी पिंपातनं अगाथा म्हणाली, सरू, उद्यापासून अर्धा लिटर जास्त आण. आत अकरा बाया, कोरा चहा पिणाऱ्या, त्यांना अर्धा लिटर जादा कशाला? म्या घरी जाईपर्यंत हिशेब लावला. लहान लेकरू असल्याशिवाय बाई दूध वाढवत न्हाय. तू उमरग्याहून पळून नवऱ्याला सोडून आलीस हे सगळीकडं झालंच होतं. तुझी सासू दोनदा येऊन दारात बसून गेली होती. दुसऱ्या दिवशी म्या पिंपात तोंड घालून ओरडले, माझी पोरगी बाहेर काढा. आतनं "हं" सुद्धा आलं न्हाय. तिसऱ्या दिवशी घंटा त्यांनीच वाजवली. पिंप फिरलं अन् त्यात प्रीती बसलेली. दोन वर्षांची. पाय दुमडून, कातरणीची पिशवी छातीशी धरून. रडत नव्हती. तिला वाटलं खेळ हाय, म्हणाली, पुन्हा.

भिंतीआडनं अगाथा बोलली, "क्षमा सकाळी गेली, सरू. आमच्या हुबळीच्या वसतिगृहात काम लावून दिलंय. ती म्हणते, एक वर्ष सांभाळ. मग येऊन नेते."

म्या काय उत्तर दिलं ते तुला तिनं सांगितलं असंल किंवा नसंल. म्या म्हटलं, सांग तिला, ती आमाला मेली.

मग तेच गावात सांगितलं. तेच प्रीतीला सांगितलं, ती विचारायच्या वयाची झाली तेव्हा. तू तापानं गेलीस. कोणत्या दवाखान्यात, कोणत्या वारी, सगळं सांगितलं. खोटं सांगायचं तर धड सांगावं.

शुक्रवार

आता निघायच्या दिवसाचं. सगळी वाडी जमली होती. बिराप्पा धनगर त्या भिंतीला चाळीस वर्षं मेंढरं चारतोय, तो दारात उभा ऱ्हाऊन म्हणाला, "एवढ्याशाच बाया होत्या व्हय? मला वाटलं पलटण असंल." प्रीती सुट्टी काढून आली होती, मला स्कूटीवर घेऊन गेली. दार उघडलं. आधी मदर आली, मग एकीला स्ट्रेचरवर आणलं, मग चाकाच्या खुर्चीत अगाथा. आवाजावरनं मला उंच, हाडापेरानं मोठी बाई वाटायची. ही कोंबडीएवढी. शहाऐंशीची.

माझ्याकडं बघत ऱ्हायली अन् म्हणाली, "सरू, तू एवढी म्हातारी झालीस?"

म्या म्हटलं, "मग तू काय भिंतीआड कवळी ऱ्हायलीस?"

हसली. मग प्रीतीकडं बघितलं. लई वेळ बघितलं. आदल्या दिवशी दूध घेताना तिनं मला सांगितलं होतं, "सरू, आमच्याजवळ स्वतःचं काही ठेवायचं नाही असा नेम आहे. जाताना ज्याचं त्याला देऊन जायचं. उद्या मी तो पत्रांचा डबा पिंपात ठेवणार." त्या दिवशी "हं" म्हणायची पाळी माझी होती, तेवढंबी जमलं न्हाय.

तर तिनं खुर्ची परत आत न्यायला लावली. हातात देता आलं असतं, दोन हात अंतर होतं. पण तिला पिंपातनंच द्यायचं होतं. घंटा वाजली. इतकी वर्षं घंटा वाजली की मी उठायची. त्या दिवशी मी दाराजवळच्या दगडी बाकावर बसलेले. सगळ्यांना सांगितलं की गुडघा धरला. क्षमा, गुडघा धरला नव्हता. उठता येत होतं. मी बसून ऱ्हायले. माझ्या हातनं तेवढंच झालं.

प्रीती गेली अन् तिनं पिंप फिरवलं. बिस्किटाचा पत्र्याचा डबा. वर तुझ्या अक्षरात, कु. प्रीती हिस. तिनं तिथंच झाकण काढलं. आत तुझी पत्रं, वरच्याखालीच लिहिलेलं, तुझी आई क्षमा.

"आजी, हे माझ्या नावाचं हाय," ती म्हणाली. मला आजी म्हणाली ती तेव्हा. आई कोण ते तिला झाकण काढल्या काढल्या कळलं.

अगाथाची गाडी निघून गेली. मला तिला नीट निरोपबी देता आला न्हाय.

घरी आल्यावर दोन दिवस लिंबाखाली बसून तिनं वाचलं. तारखेनं लावून वाचलं. एक तिच्या वाढदिवसाचं, एक चौदा एप्रिलचं, सालं मागं सालं. जेवली न्हाय. रात्री ती निजली की म्याबी दिव्यापाशी ती पत्रं चाळली, माझी चौकशी कुठं हाय का बघायला. दुसऱ्या दिवशी दुपारी आत आली.

"जिवंत हाय?"

"चार सालामागं होती."

"ही पत्रं आली ते तुम्हाला ठाऊक होतं?"

जन्मभर मला अगं-तुगं करणारी पोर. तुम्हाला म्हणाली. चापट मारली असती तर बरं वाटलं असतं.

म्या म्हटलं, "होतं."

मग तिनं तुझं शेवटचं पत्र माझ्यापुढं धरलं अन् म्हणाली, मोठ्यानं वाचा. मी अक्षर लावत लावत वाचलं. तू लिहिलंय, "सिस्टर दरवेळी कळवतात की पत्र पिंपात ठेवलं. म्हणजे तुला मिळतं. तरी एवढ्या वर्षांत तू एक ओळ लिहिली नाहीस. तुझा राग मला समजतो. तुला मी नको असेन तर मी तुझ्या दारात उभी राहणार नाही. हे शेवटचं."

प्रीती म्हणाली, "तिला वाटतं मीच तिला टाकलं."

"मग लिही की तिला."

"काय लिहू? मला मिळाली न्हाईत म्हणू? ती म्हणंल, सिस्टर खोटं बोलतात का? वीस वर्षं ज्या पोरीनं उत्तर दिलं न्हाय ती आज उठून लिहिती अन् तेबी सबब सांगती."

"आजीनं परत फिरवली म्हणून लिही."

"ते तुम्ही लिहा," ती म्हणाली. डबा घेऊन उमरग्याला गेली. सव्वा महिना झाला. फोन उचलत न्हाय. माझ्या बीपीच्या गोळ्या तेवढ्या एसटीच्या कंडक्टरबरोबर पाठवल्या. पाकिटावर लिहिलंय, सकाळी एक, जेवणानंतर. खाली नाव न्हाय, काही न्हाय.

शनिवार

म्हणून लिहिते. एकदाच लिहिणार हाय, नीट वाच.

तुझी एक्केचाळीस पत्रं पिंपात आली. एक्केचाळीस वेळा म्या ती बघितली. अगाथा म्हणायची, सरू, पत्र आहे. मी हात लावायची न्हाय. बरणी उचलायची अन् पत्र तसंच ठेवून पिंप परत फिरवायची. ती आत काढून घ्यायची. पिंपापाशी बाहेरचं माणूस काय करतं ते कुठं सांगायचं न्हाय असा तिचा नेम होता. म्हणून तिनं तुला लिहिलं, पिंपात ठेवलं. ते खरंच होतं. पुढचं तिनं लिहिलं न्हाय, माझी लाज झाकली म्हण, नेम पाळला म्हण. प्रीतीनं एकबी पत्र बघितलं नव्हतं. तू हाईस हेच तिला ठाऊक नव्हतं. तिनं तुला टाकलं न्हाय. हे मी शुद्धीवर, माझ्या हातानं लिहितेय.

का केलं ते विचारशील. आधी मी स्वतःला सांगायची की तुझ्या नवऱ्याकडची माणसं पोर ओढून नेतील. त्यानं सहा महिन्यांत दुसरी केली अन् पोरीची चौकशीबी केली न्हाय. मग सांगायची, नवरा सोडलेल्या बाईची पोर म्हणून तिला कोण करून घेईल. तेबी खरं न्हाय, तिला लग्नच करायचं न्हाय म्हणती. सगळी कारणं झिजून गेली, एकच उरलंय. तू येऊन नेशील अन् मी या घरात एकटी बसेन, ही भीती.

अन् त्याच्या मागं अजून एक हाय. उमरग्याहून पळायच्या आधी तू दोनदा माझ्याकडं आली होतीस. एकदा पोटुशी असताना, एकदा हाताला पट्टी बांधून. दोन्ही वेळा म्या चहा पाजून तुला एसटीत बसवून दिलं. दुसऱ्या वेळी तू खिडकीतनं बघत होतीस अन् मी कंडक्टरला सांगत होते, हिला उमरग्यालाच उतरव. तिसऱ्या वेळी तू माझ्या दारात आली न्हाईस, मठाच्या दारात गेलीस. परक्या बायांनी दार उघडलं, ज्या कुणाला उघडत न्हाईत. ते मला सहन झालं न्हाय. तुझा राग मी पत्रांवर काढला.

दोन हजार चारला तू प्रीतीला न्यायला आली होतीस, दिवसभर मठाच्या बाहेरच्या खोलीत बसून होतीस. मी दूध घालून गेले. डावीकडं बघितलं न्हाय. तुझी निळी पिशवी अन् पायातली चप्पल तेवढी दिसली. आत अगाथाला सांगितलं, पोरगी मला आई म्हणती, तिला आई मेलेली ठाऊक हाय, आता उकरू नका. तू संध्याकाळच्या गाडीनं गेलीस. तुझी चप्पल तुटलेली होती, अंगठ्याला दोरा गुंडाळलेला. एवढं मला दिसलं, अन् तरी मी गेले.

माफी मागत न्हाय. माफी मागितली की समोरच्याला काहीतरी म्हणावं लागतं, अन् तुला काही म्हणायला लावायचा मला हक्क न्हाय.

मठात आता वानरं आहेत. दार कुलूप लावून बंद. सवयीनं दोन दिवस बरणी घेऊन गेले होते, लोक हसले. काल परत गेले. पिंप तिथंच हाय, कुणी काढलं न्हाय. फिरवून बघितलं. आतल्या बाजूला अगाथानं घासून घासून लाकूड गुळगुळीत केलंय, बाहेरच्या बाजूला माझा हात लागून काळं पडलंय. लई थकले मी, क्षमा. त्या दगडी बाकावर बसले अन् दुपार होईपर्यंत उठले न्हाय. या वेळी गुडघ्याचं खोटं नव्हतं.

आता काय करायचं ते सांगते. प्रीतीचा पत्ता दुसऱ्या कागदावर लिहिलाय, तिचा फोन नंबरबी. फोन करू नको, अनोळखी नंबर ती उचलत न्हाय. पत्र लिही. ती आधी लिहिणार न्हाय, माझ्यावर गेलीय. तू लिहिलंस की ती लिहील. पहिल्या ओळीत मला शिव्या घातल्यास तरी चालंल, पण दुसऱ्या ओळीपासनं तिच्याशी बोल. बेचाळिसावं पत्र पिंपातनं जाणार न्हाय, सरळ तिच्या हातात पडंल. मधे मी न्हाय.

उत्तर तू लिहायचं, तुझ्या हातानं, अन् प्रीतीला लिहायचं. मला एक ओळबी पाठवायची न्हाय.

प्रीतीची आजी
सरूबाई